उमरेडच्या जाईबाई चौधरी व नागपूर शहरांतील एकटेपण

[१]

शहरांतील माणसाचें एकटेपण हा विषय आजवर बहुधा कवि, कादंबरीकार व वैद्य यांच्याकडे सोंपविला गेला आहे. अलीकडे राज्यकर्त्यांनींहि त्याची दखल घेतली. २०१८ सालीं ब्रिटनमध्यें या कामासाठीं एका मंत्र्याची नेमणूक झाली, २०२१ सालीं जपानमध्यें तसेंच झालें, आणि २०२३ च्या अखेरीस जागतिक आरोग्य संघटनेनें सामाजिक संबंधांवर एक आयोग नेमला. या साऱ्या खटाटोपाच्या बुडाशीं एक समजूत आहे. खेड्यांत माणसाला सोबत असते, शहरांत गेलें कीं ती तुटते, अशी ती समजूत. इतिहासाच्या अभ्यासकानें ती जशीच्या तशी पत्करावी काय, याचा विचार एका प्रत्यक्ष उदाहरणाच्या आधारें करावा, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतु आहे. उदाहरण आम्ही घेतलें आहे तें नागपूर जिल्ह्यांतील उमरेड या गांवीं जन्मलेल्या जाईबाई चौधरी यांचें.

जाईबाईंचें चरित्र जुन्या दप्तरांत सांपडावयाचें नाहीं. उर्मिला पवार व मीनाक्षी मून यांनीं १९८९ सालीं प्रसिद्ध केलेल्या ‘आम्हीही इतिहास घडवला’ या ग्रंथामुळें तें व त्यासारखीं अनेक चरित्रें वाचकांपुढें आलीं. या चरित्रांतील घटना उमरेडच्या व नागपूरच्या आर्थिक इतिहासाशेजारीं ठेवून पाहिल्या म्हणजे शहरी एकटेपणाचें निराळेंच स्वरूप दिसूं लागतें, असें आम्हांस वाटतें.

[२]

उमरेड हें नागपूरच्या आग्नेयेस सुमारें ४५ किलोमीटरांवर असलेलें तालुक्याचें गांव. विणकामाकरितां त्याची ख्याति जुनी आहे. येथील कोष्ट्यांनीं विणलेलीं रेशीमकांठी धोतरें नांवाजलेलीं असत, आणि इंग्रजी अमदानींतील गॅझेटियरकारांनींहि या मालाची नोंद केलेली आहे.

हातमागाचा धंदा एकट्यादुकट्याचा नव्हे. पुरुष मागावर बसे. परंतु त्याचा धोटा चालू राहावा म्हणून घरांतील बायकामुलांना कांड्या भराव्या लागत. ताणा लांब पसरून त्यास खळ लावण्याचें काम, म्हणजे पांजणी, तर घराच्या चार भिंतींत मावत नाहीं. त्यास मोकळी जागा लागते व चारदोन हात अधिक लागतात. खळ वाळण्यापूर्वीं कुंचा सारखा फिरला पाहिजे, तुटलेला धागा तेथल्या तेथें सांधला गेला पाहिजे. अशा धंद्यांत शेजारी हा धंद्याचा एक अवयवच होऊन बसतो. त्याच्याशीं भांडण झालें तरी पांजणीच्या दिवशीं तें बाजूस ठेवावें लागतें. विणकरांच्या गल्लीचा जो जिव्हाळा म्हणून वर्णिला जातो, त्याचें मूळ या परस्परांच्या गरजेंत होतें.

पण येथवर चित्राचा अर्धाच भाग आला. नागपूरकडील जाडेंभरडें कापड महार समाजाचे लोक विणीत असत. रसेल व हिरालाल यांनीं १९१६ सालीं प्रसिद्ध केलेल्या मध्यप्रांतांतील जातिजमातींविषयींच्या ग्रंथांत त्यांच्या या धंद्याची नोंद आहे. कोष्टी व महार या दोघांचाहि संसार सुतावर चालत होता. ताणा, कांडी व धोटा हे दोघांच्याहि रोजच्या बोलण्यांतले शब्द होते. तरी वस्ती निराळी, पाणवठा निराळा, देवळाच्या पायरीवरील हक्क निराळा. एकाच्या पांजणीस दुसऱ्याचा हात लागावा अशी रीत नव्हती.

तेव्हां “खेड्यांत सोबत होती” असें म्हणतांना कोणाची सोबत कोणाला होती, हें विचारलें पाहिजे. गांवकुसाबाहेरील माणसाला आपल्या वस्तींत माणसें होतीं. परंतु गांवांत तो रोज येई, राबे, आणि रोज परका होऊन परते. ४ नोव्हेंबर १९४८ रोजीं घटनासमितींत बोलतांना डॉ. आंबेडकरांनीं खेड्याविषयीं जे कठोर शब्द वापरले, त्यांनीं अनेकांस धक्का बसला. खेडें म्हणजे संकुचित वृत्तीचें व अज्ञानाचें आगर, असा त्यांचा आशय होता. उमरेडसारख्या गांवाची दोन्ही अंगें डोळ्यांपुढें ठेवलीं, तर हे शब्द कोणत्या अनुभवांतून आले तें ध्यानीं येतें.

[३]

१८५४ सालीं नागपूरकर भोसल्यांचें राज्य खालसा झालें. १८६७ सालीं आगगाडी नागपुरास पोंचली. १ जानेवारी १८७७ रोजीं, व्हिक्टोरिया राणीस ज्या दिवशीं सम्राज्ञी म्हणून घोषित करण्यांत आलें त्याच दिवशीं, जमशेटजी टाटा यांची एम्प्रेस मिल नागपुरांत सुरू झाली. आगगाडीनें परदेशचें कापड दाराशीं आणलें होतें. गिरणीनें तें दाराशींच तयार करण्यास आरंभ केला. या माऱ्यापुढें सर्व विणकर एकदम खचले नाहींत. रेशीमकांठी बारीक धोतर गिरणीस तितक्या सहजीं साधणारें नव्हतें, म्हणून उमरेडचे कोष्टी गिरणीचें सूत घेऊन कांहीं काळ तग धरूं शकले. जाड्याभरड्या कापडास मात्र तो आधार नव्हता, आणि तें विणणाऱ्यांस जमिनीचाहि आधार थोडाच. म्हणून घर सोडण्याची वेळ त्यांच्यावर अगोदर आली.

त्यांतच १८९६-९७ चा दुष्काळ पडला. जाईबाईंचा जन्म २ मे १८९२ चा. १८९६ च्या दुष्काळांत त्यांच्या घरच्यांनीं उमरेड सोडून नागपूर गांठलें, त्या वेळीं त्या चार वर्षांच्या होत्या. १८९९-१९०० सालीं याहून मोठा दुष्काळ मध्यप्रांतावर कोसळला. १९०१ च्या शिरगणतींत नागपूरची लोकसंख्या १,२७,७३४ भरली. या आंकड्यांत दुष्काळानें उठवून आणलेलीं अशीं किती कुटुंबें सामावलेलीं असतील, याची कल्पना वाचकांनींच करावी.

गिरणीनें श्रमाचें रूप पालटलें. हातमागावर कुटुंब मिळून एक धोतर विणीत असे. गिरणींत प्रत्येकाचें तिकीट निराळें, साचा निराळा, पगार निराळा. नवऱ्याच्या मागासाठीं बायकोनें भरलेली कांडी आतां नको झाली. कामाचा दिवस सूर्यावर न चालतां भोंग्यावर चालूं लागला. शहरी जीवनांत माणूस एकटा पडतो असें म्हणतात, त्याचें एक खरें कारण या ठिकाणीं आहे. शेजाऱ्याची जी रोजची गरज होती ती धंद्यांतून गेली. पुढें शेजार टिकवावयाचा तर तो मुद्दाम टिकवावा लागणार होता.

मुंबईच्या गिरणगांवांत कोंकणांतील कामगारांनीं तो कसा टिकविला हें प्रसिद्ध आहे. एका गांवच्या मंडळींनीं मिळून गांवाची म्हणून एक खोली घ्यावी, पाळीपाळीनें तींत निजावें, एखाद्या बाईच्या खानावळींत जेवावें, गांवच्या देवाची वर्गणी तेथेंच गोळा करावी, हा त्यांचा परिपाठ होता. परंतु या खोलीलाहि उंबरठा होता. जी माणसें गांवांत एका पंगतीस बसत तींच येथें एका खोलींत निजत. गिरणीच्या आंतहि तीच गत होती. मुंबईच्या गिरण्यांत विणाई खात्यांत अस्पृश्य मानलेल्या कामगारांस घेत नसत. धोट्यांतील कांडी संपली कीं नव्या कांडीचें सूत धोट्याच्या भोंकांतून तोंडानें ओढून घ्यावें लागे, आणि एकाचा ओंठ लागलेला धोटा दुसऱ्याच्या ओंठास लागूं नये, हें त्याचें कारण सांगितलें जाई. १९२८ च्या मोठ्या संपाच्या वेळीं डॉ. आंबेडकरांनीं हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांपुढें मांडला. यंत्र विलायतेहून आलें होतें, पण त्यास लागणारा विटाळ गांवाहूनच आला होता.

[४]

नागपुरास आल्यावर जाईबाईंच्या वांट्यास हमालीचें काम आलें. कामठीच्या स्थानकाकडील ओझीं डोक्यावर वाहून त्या पोट भरीत. त्यांचा विवाह बापूजी चौधरी यांच्याशीं झाला. याच काळांत ग्रेगरी नांवाच्या एका मिशनरी बाईंशीं त्यांची गांठ पडली, आणि दरमहा चार रुपयांवर मिशनच्या शाळेंत त्यांना शिक्षिकेची जागा मिळाली. ओझें वाहणारी बाई पाटीपुढें उभी राहिली, ही गोष्ट उमरेडला घडती ना. शहरांतील अनोळखीपणानें हें साधलें. स्थानकावर येणाऱ्याजाणाऱ्यांपैकीं एखाद्याला तुमचें गांव, घर, आजापणजा ठाऊक नसतो, म्हणूनच तो तुम्हांला तुमच्या गुणांवरून पारखूं शकतो. एकटेपणाची ही चांगली बाजू आहे, आणि शहराची निंदा करणारे ती सहसा मोजीत नाहींत.

परंतु हा अनोळखीपणा फार दिवस टिकला नाहीं. नवी शिक्षिका कोणत्या जातीची आहे हें कळतांच मुलांच्या पालकांनीं हरकत घेतली, आणि जाईबाईंस ती जागा सोडावी लागली.

गेओर्ग झिमेल या जर्मन विचारवंतानें १९०३ सालीं महानगर व मनोजीवन यांविषयीं एक निबंध लिहिला. महानगरांत रोज इतकीं माणसें भेटतात कीं प्रत्येकाशीं मनानें गुंतणें अशक्य होतें. म्हणून नगरवासी आपल्याभोंवतीं अलिप्ततेचें एक कवच करून घेतो, असें त्याचें प्रतिपादन आहे. बर्लिनपुरतें तें खरें असेल. नागपूरच्या त्या शाळेंत जें घडलें त्यास मात्र अलिप्तता म्हणतां येत नाहीं. अलिप्त माणूस शेजाऱ्याची जात विचारीत बसत नाहीं. येथें लोकांनीं मुद्दाम चौकशी केली, आणि ओळख पटल्यावर दूर लोटलें. झिमेलच्या नगरांत माणूस ओळखीच्या अभावीं एकटा पडतो. आमच्या नगरांत तो ओळख झाल्यामुळें एकटा पडला.

हें जाईबाईंच्याच वांट्यास आलें असें नाहीं. १९१७ सालीं अमेरिकेंत व इंग्लंडांत शिकून आलेले डॉ. आंबेडकर बडोद्यास नोकरीवर रुजू झाले, तेव्हां त्या राजधानींत त्यांना राहावयास जागा मिळेना. पारशी नांव सांगून ते एका पारशी धर्मशाळेंत उतरले. खरें नांव फुटतांच लाठ्या घेतलेल्या लोकांनीं त्यांना घेरलें व बाहेर काढलें. न्यूयॉर्क व लंडन या जगांतील सर्वांत मोठ्या नगरांत त्यांना बिऱ्हाड मिळालें होतें, आणि बडोद्याच्या रस्त्यावर सामान घेऊन उभें राहण्याची पाळी आली. एकटेपण नगराच्या आकारावर अवलंबून नाहीं, हें या एका प्रसंगानें सिद्ध होतें.

[५]

आतां दुसरी बाजू पाहावयाची. ज्यांना शहरानें दूर लोटलें त्यांनींच शहरांत नवी सोबत उभी केली, आणि ती उभी करण्याचीं साधनें शहरांतच होतीं. छापखाना, सभागृह, गिरणीचा ठराविक पगार, रविवारची सुटी, हीं त्यांपैकीं ठळक होत. नागपूरजवळील मोहपा येथील किसन फागोजी बनसोडे यांनीं नागपुरांत छापखाना घातला आणि ‘विटाळ विध्वंसक’, ‘मजूर पत्रिका’, ‘चोखामेळा’ अशीं पत्रें काढलीं. या तीन नांवांतच एका वस्तीची नवी नातीं दिसतात. पहिलें नांव कशाविरुद्ध एकत्र यावयाचें तें सांगतें. दुसऱ्यांत एका गिरणींत राबणाऱ्यांचा संबंध आहे. तिसऱ्यांत पंढरीच्या महाद्वाराबाहेर उभ्या राहिलेल्या संताशीं असलेला. एका गांवचे नसलेले लोक एका पत्राचे वाचक झाले, म्हणजे त्यांना एक नवें गांवच मिळालें.

१९२० च्या मे महिन्याच्या अखेरीस नागपुरांत अखिल भारतीय बहिष्कृत परिषद भरली. छत्रपति शाहू महाराज अध्यक्षस्थानीं होते व डॉ. आंबेडकर उपस्थित होते. वसंत मून यांनीं ‘वस्ती’ या आत्मकथनांत सीताबर्डीच्या महारपुऱ्याचें जें वर्णन पुढें केलें आहे, त्यांत आखाडे, भजनें, सभा व समता सैनिक दल यांनीं बांधलेलें वस्तीचें जीवन दिसतें. एम्प्रेस मिलनेंहि कामगारांच्या घरांसाठीं इंदोरा येथें वसाहत वसविली. तथापि, वरून बांधून दिलेल्या घरांपेक्षां खालून उभ्या राहिलेल्या मंडळ्यांनीं माणसांस अधिक जवळ आणलें, असेंच म्हणावें लागतें.

शाळेची जागा गमावलेल्या जाईबाईंनीं १९२२ सालीं नागपुरांत आपल्या समाजांतील मुलींसाठीं स्वतःच शाळा काढली. तिचें नांव चोखामेळा कन्या पाठशाळा. नांवाची निवड विचार करण्यासारखी आहे. चोखोबा देवळाबाहेर उभे राहिले. त्यांच्या नांवानें काढलेल्या शाळेंत बाहेर उभें राहण्याचा प्रश्नच उरला नाहीं, कारण दार उघडणारी बाईच वस्तींतली होती. पूर्वींच्या शाळेंत पालकांनीं ज्या एका बाईस नाकारलें, तिनें आपल्याभोंवतीं मुलींचा वर्ग, त्यांच्या आया व वर्गणी देणारीं घरें जोडलीं. एकटेपणावर केलेला उपाय कांहीं विरंगुळ्याचा नव्हता. रोज सकाळीं हजेरी घेण्याचें, फळ्यावर अक्षरें काढण्याचें, न आलेल्या मुलीच्या घरीं जाऊन चौकशी करण्याचें तें काम होतें. न आलेल्याची चौकशी करणें हीच सोबतीची पहिली खूण होय, असें आम्ही मानतों.

ही नवी सोबत भांडणांवांचूनची होती असेंहि समजूं नये. १९३५ सालीं येवल्यास धर्मांतराची घोषणा झाली तेव्हां बनसोडे यांच्यासारख्या जुन्या कार्यकर्त्यांनीं तिला विरोध केला. परंतु मतभेद व्हावयास आधीं एकत्र बसावें लागतें. पत्रें, परिषदा व शाळा यांनीं लोकांस तेवढें एकत्र आणलें होतें.

[६]

यापुढील प्रसंग नागपूरच्या स्त्रियांच्या इतिहासांत स्वतंत्र नोंद करण्याजोगा आहे. अखिल भारतीय महिला परिषद ही संस्था १९२७ सालीं पुण्यास स्थापन झाली. तिचें अधिवेशन १९३७ च्या डिसेंबरअखेर नागपुरांत भरलें. शिक्षण, विवाहाचा कायदा, स्त्रियांचे हक्क हे परिषदेचे विषय. आणि सर्व स्त्रियांचें भगिनीत्व हा तिचा घोष. या परिषदेंत जाईबाई चौधरी यांना जेवणाच्या वेळीं निराळें बसविण्यांत आलें.

पंगत हा आमच्या समाजांतील सर्वांत जुना व सर्वांत स्पष्ट दस्तऐवज आहे. ठरावांत काय लिहिलें यापेक्षां पान कोठें मांडलें यावरून समाजाचें मन कळतें. जाईबाई या वेळीं पंचेचाळीस वर्षांच्या, पंधरा वर्षें शाळा चालविलेल्या शिक्षिका होत्या. बहिणी म्हणून जमलेल्या सुशिक्षित स्त्रियांनीं भरलेल्या मंडपांत त्यांचें पान बाजूस मांडलें गेलें, यापेक्षां शहरी एकटेपणाचें अधिक नेमकें उदाहरण आम्हांस सांपडत नाहीं.

पण येथेंच काळ बदलल्याची खूणहि दिसते. पूर्वीं शाळेंतून जावें लागलें तेव्हां तो अपमान एकट्या बाईनें गिळला होता. या वेळीं तो एकटीचा राहिला नाहीं. १ जानेवारी १९३८ रोजीं नागपुरांत अस्पृश्य मानलेल्या स्त्रियांची सभा भरली व तींत या वागणुकीचा निषेध झाला. दोन घटनांच्या मधल्या काळांत अपमान तोच राहिला. तो वांटून घेणारीं माणसें मात्र निर्माण झालीं होतीं.

याच्या पुढची पायरी १९४२ ची. त्या वर्षीं १८ व १९ जुलै रोजीं नागपुरांत अखिल भारतीय दलित वर्गाची परिषद झाली, आणि २० जुलै रोजीं स्त्रियांची स्वतंत्र परिषद झाली. सुलोचनाबाई डोंगरे अध्यक्षा होत्या. वीस ते पंचवीस हजार स्त्रिया जमल्याचें सांगतात. घटस्फोटाचा हक्क, बहुपत्नीकत्वाची बंदी यांबरोबरच गिरण्यांतून काम करणाऱ्या स्त्रियांस रजा, दुखापतीची भरपाई, निवृत्तिवेतन मिळावें, त्यांच्यावर देखरेखीस स्त्रियाच असाव्यात, अशा मागण्या ठरावांतून मांडण्यांत आल्या. वर आम्ही म्हटलें कीं गिरणीनें माणसाला निराळें तिकीट देऊन कुटुंबापासून वेगळें काढलें. त्याच तिकिटाच्या आधारें या स्त्रियांनीं एकमेकींस ओळखलें व एक होऊन मागणी केली. चौदा वर्षांनीं, १४ ऑक्टोबर १९५६ रोजीं, याच शहरांत लक्षावधि लोकांनीं बौद्ध धर्माची दीक्षा घेतली. तो इतिहास सर्वांस ठाऊक आहे. त्याच्या मागें अशा लहान शाळा, सभा व पत्रें यांची पंचवीस-तीस वर्षांची पांजणी झालेली होती, हें मात्र विसरलें जातें.

[७]

या विवेचनावरून कांहीं अनुमानें काढतां येतात. एक, गांवाची जी सोबत शहरांत हरवली म्हणून हळहळ व्यक्त होते ती सर्वांस कधींच उपलब्ध नव्हती. तिला कुंपण होतें, आणि कुंपणाबाहेर राहिलेल्यांच्या दृष्टीनें शहराचें एकटेपण हें नव्यानें आलेलें दुःख नव्हतें. दुसरें, कुटुंबाच्या व शेजाराच्या हातांवर चालणारा धंदा मोडल्यामुळें पूर्वीं आपोआप मिळणारी सोबत खरोखरच नाहींशी झाली. ही हानि खोटी मानूं नये. तिसरें, शहरांत जी सोबत उभी राहिली ती जन्मानें न मिळतां कामानें मिळाली. ती ज्यांना सर्वांत कमी मिळाली होती त्यांनींच ती सर्वांत अधिक कष्टानें बांधली.

एम्प्रेस मिल २००२ सालीं बंद पडली. तिच्याबरोबर भोंगा, तिकीट व पगाराचा दिवस गेला, आणि त्यांच्याभोंवतीं जमलेलीं माणसें पांगलीं. आज नागपुरांत शिकावयास व नोकरीस येणारीं तरुण माणसें भाड्याच्या खोल्यांतून राहतात. खोली दाखवितांना आडनांव विचारणारे घरमालक अजून संपलेले नाहींत. शेजारीं कोण राहतो हें ठाऊक नसणें आणि तो कोण आहे हें फार बारकाईनें विचारणें, हे दोन्ही प्रकार एकाच इमारतींत सुखानें नांदतात. अशा वेळीं एकटेपणावर आयोग नेमणाऱ्यांनीं माणसें किती भेटतात याबरोबर पान कोठें मांडलें जातें हेंहि मोजावें, अशी आमची सूचना आहे.

शेवटीं संशोधकांस एक विनंति. राजांचीं व सरदारांचीं कागदपत्रें जपण्याची संवय आम्हांस लागली, ती चांगलीच झाली. आतां जुन्या शाळांचे हजेरीपट, महिला मंडळांचीं इतिवृत्तें, वर्गणीच्या वह्या, वस्तींतील वाचनालयांचीं पत्रकें हींहि जपलीं पाहिजेत. उमरेड व नागपूर येथील घरांतून असे कागद ट्रंकांत पडून असतील. वाळवीनें खाल्ले तर ते पुन्हां मिळावयाचे नाहींत. हजेरीपटावर एका ओळींत लिहिलेलीं मुलींचीं नांवें दिसावयास साधीं दिसतात. पण त्या ओळींत कोणाचेंहि पान बाजूस मांडलेलें नाहीं.